थडीवरचा गडी

पुण्याहून साताऱ्याकडे निघालेला माणूस कामथडीला उतरत नाही. कात्रजचा नवा बोगदा तो ओलांडतो, खेड-शिवापूरच्या टोलनाक्यावर पैसे देताना थोडे कुरकुरतो, चेलाडीच्या फाट्यावर नसरापूरच्या बनेश्वराला लांबूनच हात जोडतो आणि कापूरहोळच्या चौकात आला की नारायणपूरच्या दत्ताला जाणारे डावीकडे आणि भोरला जाणारे उजवीकडे फुटतात. बाकी सारे सरळ. या दोन फाट्यांच्या मध्ये कामथडी आहे. मी स्वतः या रस्त्याने कोल्हापूरला कितीदा गेलो असेन याची गणती नाही. पण कामथडी हे नाव मला पाटीवर वाचण्यापुरतेच ठाऊक होते. मराठीच्या मास्तराला पाटी दिसली की शब्द फोडण्याची खोड असते. थडी म्हणजे काठ. गंगथडी, भीमथडी हे शब्द आपल्या बोलण्यात जुने. भीमथडीची तट्टे तर इतिहासात गाजलेली. या थडीवरून मात्र आता फक्त मोटारी धावतात, आणि त्या पाणी प्यायलासुद्धा थांबत नाहीत.

गेल्या दिवाळीत, भाऊबीज उरकल्यावर, मी या थडीवर दोन दिवस राहून आलो. तेही एका पंक्चरवाल्याच्या बोलावण्यावरून!

झाले असे की एका संध्याकाळी फोन वाजला आणि पलीकडून आवाज आला, “सर, ओळखलं का? तुमचा गैरहजर बोलतोय.”

मी ओळखले. वीस वर्षे झाली होती, पण ओळखले. त्याचे नाव मी येथे देत नाही. त्याला ते आवडणार नाही, आणि मलाही ते देण्याचा अधिकार आहे असे वाटत नाही. पुण्यातल्या ज्या महाविद्यालयात मी तेव्हा नव्याने लागलो होतो, तेथे हा मुलगा भिंतीकडच्या शेवटच्या बाकावर बसे. बसे म्हणजे, असला तर बसे. बाकीचा वेळ तो मैदानावर. कॉलेजच्या फुटबॉल संघात तो डाव्या कडेने खेळायचा. आमच्या आधीच्या पिढीचे लोक ज्याला ‘आउटसाइड लेफ्ट’ म्हणत आणि आता ज्याला ‘विंगर’ म्हणतात, तो. मी एकदाच त्याचा सामना पाहिला होता. सारा खेळ मध्यभागी चाललेला, आणि हा आपला चुन्याच्या रेघेवर कमरेवर हात ठेवून एकटाच उभा. जणू काही त्याचा या गलक्याशी संबंधच नाही. मग एकदम चेंडू त्याच्याकडे आला आणि पुढच्या सहा-सात सेकंदांत काय झाले ते मला नीट दिसलेच नाही. एवढे दिसले की समोरचा धिप्पाड मुलगा मातीत बसला होता.

आता माझा पराक्रम सांगतो. खेळाडूंची गैरहजेरी माफ व्हायची, पण त्यासाठी खेळाच्या शिक्षकांची चिठ्ठी मुदतीत यावी लागे. याची चिठ्ठी दोन दिवस उशिरा आली. मी ती घेतली नाही. नियम माझ्या बाजूला होता. शिवाय नव्या मास्तराला नियम फार प्रिय असतात. मुलाचे ते सत्र बुडाले. वडिलांनी त्याला गावी बोलावून घेतले. त्यानंतर तो बाक रिकामा राहिला आणि पुढच्या वर्षी त्या बाकावर दुसरेच कोणी बसले.

“सर, पोराची क्रीडा वसतिगृहात निवड झालीय. पुण्याला,” तो फोनवर म्हणाला. “तेरा वर्षांचा आहे. त्याची आई नाही म्हणतेय, वडीलही नाही म्हणतायत. तुम्ही एकदा या. माझं तुम्ही ठरवलं होतं, आता त्याचंही ठरवा.”

यात कुठेही टोमणा नव्हता. कडवटपणाही नव्हता. टायरमध्ये किती हवा भरायची ते विचारावे तशा सरळ आवाजात तो बोलला होता. आणि म्हणूनच पुढचे आठ दिवस ते वाक्य माझ्या डोक्यातून गेले नाही.

महामार्गाच्या बाजूच्या रस्त्यावर त्याचे दुकान आहे. पत्र्याची शेड, पुढे काळ्या टायरांची उतरंड, हवेचे यंत्र, पाण्याची लोखंडी घमेली. पाच पावलांवरून ट्रक जातो तेव्हा पत्रे थरथरतात. पण दुकानामागून गावात उतरलात की आवाज पाठीमागे राहतो आणि वेगळाच मुलूख सुरू होतो. हा भोरच्या पंतसचिवांच्या संस्थानाचा प्रदेश. १९४८ साली संस्थान विलीन झाले, पण म्हातारी माणसे अजून ‘भोर दरबार’ म्हणतात. भाताची खाचरे पायऱ्यांसारखी मांडलेली. मी गेलो तेव्हा निम्मी कापून झाली होती, निम्मी पिवळी होऊन वाकली होती, आणि सगळ्या हवेत ओल्या पेंढ्याचा वास होता. पूर्वेला पुरंदर दिसतो. पश्चिमेला डोंगरांच्या रांगांत राजगड कुठला ते मला यजमानाच्या वडिलांनी काठी उगारून दाखवले. या दोन गडांच्या मध्ये हे गाव वसलेले. पुरंदरावर १६५७ साली संभाजीराजांचा जन्म झाला, आणि त्यांना दूध पाजायला गेली ती शेजारच्या कापूरहोळची धाराऊ, गाडे पाटलांच्या घरातली. येथल्या माणसाला इतिहास सांगावा लागत नाही. तो त्याच्या सोयरिकीत असतो.

चहा झाला, चिवडा-करंजी झाली, आणि मी मुलगा कुठे आहे म्हणून विचारले.

“खाचरात,” वडील म्हणाले. “दुसरं कुठं असणार?”

कापलेल्या एका खाचरात दहा-बारा पोरांचा सामना रंगात आला होता. पेंढ्याचे दोन दोन भारे उभे करून गोल केलेले. बहुतेकांच्या पायांत काही नव्हते. चेंडूचे कातडे इतके गेले होते की तो लांबून सोललेल्या नारळासारखा दिसे. मी आमचा गडी कोणता ते न विचारताच ओळखला. पोरे सारी मध्ये गर्दी करत होती, आणि एक सडपातळ पोरगे बांधाच्या कडेला, एकटे, कमरेवर हात ठेवून उभे होते.

त्याला कडेने खेळायला कुणी शिकवले, असे मी विचारले. बाप हसला. “कुणी नाही सर. खाचरात धसकटं टोचतात. बांधालगत गुरांनी चालून चालून पायवाट केलीय, तेवढीच मऊ. म्हणून हा तिकडून पळतो.”

फुटबॉलवरच्या एवढ्या ग्रंथांत विंगर कसा घडतो याचे इतके सरळ स्पष्टीकरण मला मिळाले नसते. आणि मी ग्रंथ पाहिले होते बरे का! जायचे ठरल्यापासून चार दिवस मी वाचत बसलो होतो. मास्तर माणूस रिकाम्या हाताने कुठे जात नाही. चार संदर्भ घेऊन जातो. माझी समजूत होती की इंग्लंडच्या फुटबॉलशी आपला संबंध दूरचित्रवाणीपुरता. ती समजूत पार उलटीपालटी झाली होती.

रात्री ओटीवर बसलो तेव्हा मी माझे गाठोडे सोडले. आई दाराच्या चौकटीला टेकून, मुलगा बापाच्या पाठीमागे, आजा तंबाखू मळत.

प्रथम सांगितले ते अनवाणी खेळणाऱ्या सलीमचे. मोहम्मद सलीम, कलकत्त्याच्या मोहमेडन स्पोर्टिंगचा विंगर. १९३६ साली तो स्कॉटलंडात ग्लासगोच्या सेल्टिक क्लबाकडे गेला, पायांना पट्ट्या बांधून बुटांविना खेळला, दोन सामन्यांत त्याने लोकांना वेड लावले आणि घरची ओढ लागली म्हणून परत आला. मुलाने आपल्या पायांकडे पाहिले.

मग भुसावळ काढले. “भुसावळ म्हणजे केळ्याचं?” आजाने विचारले. होय, केळ्याचे, आणि त्याहून जास्त रेल्वेच्या इंजिनांचे. रेल्वेमुळे तेथे अँग्लो-इंडियन कुटुंबांची मोठी वस्ती होती. अशाच एका घरात १९४९ च्या एप्रिलमध्ये रिकी हेपोलेट जन्मला. लहानपणीच तो इंग्लंडात गेला आणि पुढे प्रेस्टन नॉर्थ एंड या क्लबासाठी खेळू लागला. प्रेस्टन, ब्लॅकबर्न, बोल्टन, बर्नली ही सारी लँकेशायरची गिरण्यांची गावे. आपला कापूस बोटीत बसून ज्यांच्या चात्यांवर जायचा ती. १८८८ साली बारा क्लबांनी मिळून इंग्लंडची फुटबॉल लीग काढली त्यांत ही चारही होती, आणि पहिल्याच वर्षी प्रेस्टनने एकही सामना न हरता ती जिंकली. हेपोलेट तेथे पोहोचला तोवर ते वैभव ओसरले होते. १९७० साली तर क्लब तिसऱ्या विभागात घसरला. पुढच्याच हंगामात त्या विभागाचे विजेतेपद मिळवायचे तर फुलहॅमच्या मैदानावर जिंकणे भाग होते. सामना १-० असा सुटला, आणि तो एकच गोल डोक्याने मारला तो या भुसावळात जन्मलेल्या पोराने!

“शाब्बास!” आजा म्हणाला. त्याचा तंबाखू हातातच राहिला.

खरे सांगायचे तर हेपोलेट विंगर नव्हता. तो मधल्या फळीतला, पळून पळून दोन्ही टोके सांधणारा. पण कारकीर्द मात्र अगदी खालच्या विभागातल्या विंगरची असते तशी. प्रेस्टनकडे दीडशेच्या वर सामने. १९७२ साली लंडनच्या ओरिएंटकडे. तेथे १९७३–७४ च्या हंगामात एका गुणाने पहिला विभाग हुकला. फक्त एका गुणाने! मग क्रिस्टल पॅलेस, मग चेस्टरफिल्ड, शेवटी पीटरबरो. प्रत्येक वेळी सामान बांधायचे, नव्या गावात घर शोधायचे, नव्या लोकांकडून आपल्या आडनावाची मोडतोड ऐकायची. त्याच्याच वेळी ओरिएंटमध्ये लॉरी कनिंगहॅम नावाचा कृष्णवर्णी विंगर होता. तो तेथून वेस्ट ब्रॉमविचला आणि १९७९ साली थेट माद्रिदच्या रेआलकडे गेला. एकाच मैदानावर सराव करणारे हे दोघे. एक माद्रिदला गेला आणि दुसरा चेस्टरफिल्डला. नाव आपण पहिल्याचे ऐकतो. मला मात्र त्या चार दिवसांत दुसऱ्याचाच लळा लागला.

“आणि पैसं?” दारातून आवाज आला. इतका वेळ ती बाई बोलली नव्हती.

मी सांगितले. १९६१ पर्यंत तर इंग्लंडात नियमच होता की कितीही मोठा खेळाडू असो, आठवड्याला वीस पौंडांहून जास्त द्यायचे नाहीत. स्टॅन्ली मॅथ्यूज, विंगरांचा राजा, पन्नाशीला पोहोचेपर्यंत खेळला; त्याची उमेदीची सारी वर्षे या मर्यादेखाली गेली. ती उठल्यावर वरच्यांचे भले झाले. खालच्या विभागात मात्र हंगाम संपला की क्लबाची यादी लागे. इतके ठेवले, इतके सोडले. सोडलेल्यांनी दुसरा क्लब पाहावा, नाहीतर दुसरे काम.

“म्हणजे हंगामी की!” आजा ताडकन म्हणाला. त्याने उमेदीची बारा वर्षे साखर कारखान्यात हंगामी कामगार म्हणून काढली होती. “गाळप संपलं का घरी.”

मला कबूल करावे लागले की माझ्या चार दिवसांच्या वाचनाचे सार त्याने एका शब्दात सांगितले होते. विंगरचे तर त्याहून वाईट. त्याची मिळकत पायांच्या वेगात. तिशी आली की वेग जातो. शिवाय धंद्यालाच कधी कधी ग्रहण लागते. १९६६ साली इंग्लंडच्या आल्फ रॅम्झी या प्रशिक्षकाने कडेचे गडी बसवून विश्वचषक जिंकला, आणि मग कित्येक क्लबांनी विंगर ठेवणेच कमी केले. पक्ष्याचे पंख छाटूनही तो उडाला म्हटल्यावर पंखांना कोण विचारतो?

बापाचा चेहरा उतरला. त्याने मला बोलावले होते ते बायकोची समजूत घालायला, आणि मी तिचीच बाजू भक्कम करत होतो. पण बाईसमोर खोटे बोलवेना. खोट्याने मिळवलेला होकार वसतिगृहात पहिल्या आठवड्यातच फाटतो.

“आपल्याकडचं कुणी गेलं नाही का?” मुलाने बापाच्या पाठीमागून विचारले. तो त्या रात्री पहिल्यांदा बोलला.

गेले होते. कोल्हापूरचा अनिकेत जाधव. कोल्हापुरात फुटबॉल तालमींचा; पाटाकडील, खंडोबा, दिलबहार अशी तालमींची नावे, कुस्तीच्या मातीतून उठलेली, आणि शाहू स्टेडियमवर सामना असला की पेठा ओस पडतात. तेथला हा पोरगा, २००० सालचा जन्म, खेळतो कडेने. तो लहानपणीच क्रीडा प्रबोधिनीत पुण्याला आला. कोल्हापूरहून पुण्याला यायचे तर हाच रस्ता. म्हणजे हे याच पाटीवरून जाणे झाले. ऑक्टोबर २०१७ मध्ये सतरा वर्षांखालील मुलांचा विश्वचषक भारतात झाला. फिफाच्या विश्वचषकात आपला मुलांचा संघ उतरला तो प्रथमच, आणि त्या संघात अनिकेत होता. दिल्लीत तिन्ही सामने आपण हरलो, कोलंबियाला मात्र घाम फोडून १-२ असे. पुढे २०१९ साली तो काही काळ सरावासाठी इंग्लंडात ब्लॅकबर्नला जाऊन आला. नंतर जमशेदपूर, हैदराबाद, ओडिशा. म्हणजे पुन्हा तेच, सामान बांधणे आणि गाव बदलणे.

“ब्लॅकबर्न आपल्या पुण्यातल्यांचाच क्लब ना सर?” बाप म्हणाला. बरोबर होते. कोंबड्यांच्या धंद्यातल्या पुण्याच्या व्यंकटेश्वरा हॅचरीज, म्हणजे ‘वेंकीज’, यांनी २०१० साली तो विकत घेतला. गिरणीवाल्यांचे सव्वाशेहून जास्त वर्षांचे वैभव आपल्या कोंबडीवाल्यांच्या हाती! क्लब मात्र त्यानंतर खाली आला. २०१२ साली वरच्या लीगमधून घसरला तेव्हा प्रेक्षकांनी चक्क एक जिवंत कोंबडी क्लबाच्या झेंड्यात गुंडाळून मैदानात सोडली. २०१७ ला तिसऱ्या पायरीवर, आणि २०१८ ला पुन्हा दुसऱ्या. कोंबडीची गोष्ट ऐकून आजा इतका हसला की त्याला ठसका लागला. बाई हसली नाही.

“सर, आमच्या शेजारच्या गावची बाई गडावर गेली राजाचं लेकरू वाढवायला,” ती सावकाश म्हणाली. “माझं लेकरू तिथं कोण वाढवणार? गुडघा गेला तर कोण बघणार? अभ्यास बुडाला तर कुणी विचारील का, का नुसतं नाव कापतील?”

शेवटचे वाक्य तिने माझ्याकडे पाहून म्हटले की नाही, सांगता येत नाही. पण मला तेथे गप्प बसवले नाही. मी त्या चिठ्ठीची हकीकत सांगितली. तिला, आजाला, मुलाला, सगळ्यांसमोर. चिठ्ठी घ्यायला हवी होती, एवढेच म्हणालो. वीस वर्षांत हे वाक्य मी मोठ्याने म्हटले नव्हते.

बराच वेळ महामार्गावरच्या ट्रकांचा आवाज येत राहिला. मग तो म्हणाला, “चिठ्ठी खेळाच्या सरांनी वेळेवर दिली होती. मीच खिशात ठेवली दोन दिवस. सामना हरलो होतो, शेवटच्या मिनिटाला माझ्याकडून गोल चुकला. कॉलेजात तोंड दाखवायची लाज वाटत होती.” थोडे थांबून तो पुढे म्हणाला, “पण सर, घेतली असती तर बरं झालं असतं.”

दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. त्यावर बोलण्यासारखे मजजवळ काही नव्हते.

सकाळी उठलो तो बाई अंगणात उभी. तिने रात्रीत आपले ठरवले होते, आणि ते आम्हा पुरुषांपैकी कुणालाही न विचारता. दहावीपर्यंत पोरगा राहील. वर्षाच्या शेवटी गुण घसरले तर परत आणायचा. आणि फॉर्मवर पुण्यातल्या पालकाची सही लागते ती सरांनी करायची. दर महिन्याला जाऊन हजेरी बघायची आणि तिला फोन करायचा. “तुम्हाला हजेरी बघायची सवयच आहे,” ती म्हणाली. आणि या वेळी मात्र ती हसली.

कागद कोनाड्यात तयार होता. मी खिशातले पेन काढले. ओटीवर बसून, गुडघ्यावर जुने पंचांग ठेवून त्यावर सही केली. कागद थोडा तेलकट झाला होता. चकलीच्या डब्याखाली ठेवला असावा.

मुलगा मला एस.टी.पर्यंत पोहोचवायला आला. माझी पिशवी त्याने हट्टाने घेतली, तीत त्याच्या आईने पाच किलो इंद्रायणीचा नवा तांदूळ कोंबला होता. रस्त्यात एक खडा त्याने पायाने पुढे घेतला आणि थांब्यापर्यंत तो एकदाही डांबरावर जाऊ दिला नाही. मातीच्या कडेकडेने नेला, आणि सगळा वेळ डाव्या पायाने.

स्वारगेटची गाडी दिसली तेव्हा त्याने विचारले, “सर, डावऱ्याला तिकडं मागणी असते?”

“असते,” मी म्हणालो. “डावरे थोडे असतात.”

त्याने पिशवी वर चढवून दिली. गाडी सुटली तेव्हा तो थांब्यावर नव्हता. खिडकीतून वाकून पाहिले तर पाटीच्या खाली, रस्त्याच्या कडेच्या गवतात तो आपला खडा शोधत होता.